गिताबाईची कबुली

गिताबाईनं पाचट पेटवलं तेव्हा वारा नव्हता. एकोणीसशे नव्व्याण्णवचा मार्च होता आणि बोरमळ्यात ऊसतोड संपत आली होती. तिच्या वीस गुंठ्यांतला ऊस कारखान्याला गेला होता. खाली उरलेला पाला जाळल्याशिवाय खोडव्याला पाणी देता येत नव्हतं. नवरा म्हस्कू वारून सहा वर्षं झालेली, मुलगा सार्थक कोरेगाव भीमाला एका कंपनीत कंत्राटावर, त्यामुळं रानात ती एकटीच. दीडपर्यंत पाला जळून गेला. तिनं कडेनं चार बादल्या पाणी मारलं आणि राखेत पाय घालून बघितला. कुठं धग नव्हती. मग ती घरी गेली.

वारा सुटला तीनला. चारला बांधापलीकडचा सोपानरावांचा तीन एकर ऊस पेटला आणि गोठ्यातली गाभण गाय दाव्याला बांधलेली जळून मेली.

ठिणगी गिताबाईच्या रानातून उडाली, की सोपानरावांच्या गड्याची विडी पडली, की वरच्या विजेच्या तारा घासल्या, हे कुणीच बघितलं नव्हतं. पण आठ दिवसांपूर्वी सोपानरावांनी तिची रानाची वाट काटे टाकून बंद केली होती. तेव्हा एरवी त्यांना आप्पा म्हणणारी गिताबाई चावडीपुढं उभी राहून ओरडली होती, "तुझ्या रानाची राख हुईल, राख!" हे सगळ्या गावानं ऐकलं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी पोलिसांची जीप आली.

फौजदारानं तिला बाकावर बसवलंच नाही. "रागाच्या भरात रॉकेल टाकून पेटवलंस. खरं का न्हाई?"

"रॉकेल न्हाई टाकलं, सायेब. म्या माझं पाचट…"

"झालं! काडी तुझ्याच हातात व्हती." फौजदार लेखनिकाकडं बघून हसला. "लिही रे."

"पर मी इझवलं व्हतं. पानी मारलं…"

"ते कोन इचारतंय तुला?"

त्यानंतर गिताबाई बोलली नाही. महिला शिपाई तिच्या दंडाला चिमटे काढायची, खाली बसली की उठवायची. दुसऱ्या दिवशी फौजदारानं वेगळी चाल केली. "पोरगा कंपनीत हाय म्हनं. त्याचं बी नाव घालतो. रॉकेल त्यानं आनून दिलं. मग कसली कंपनी आन् कसलं काय. न्हाईतर दौंडला मॅजिस्ट्रेट सायबांपुढं मी सांगतो तसं बोल. बाईमाणूस हायस, सोडतील."

गिताबाई म्हणाली, "बोलते."

जीपमध्ये दौंडपर्यंत शिपाई तिच्याकडून घोकून घेत होती. "किती रॉकेल?" "डबाभर." "कशापायी?" "वाटंपायी." रेल्वे फाटक लागलं होतं, मालगाडी संपता संपेना, तेवढ्या वेळात तिनं ते अजून तीनदा म्हणून दाखवलं.

मॅजिस्ट्रेटनी आधी सगळ्या पोलिसांना बाहेर घालवलं. दार लावून घेतलं. मग विचारलं, "बाई, तुम्हाला कबुलीजबाब द्यायचा आहे?"

"व्हय."

"कुणी मारलं, धमकावलं?"

गिताबाईनं दाराकडं बघितलं. "न्हाई."

"एक लक्षात घ्या. कबुली दिलीच पाहिजे असं तुमच्यावर कायद्याचं बंधन नाही. आणि दिलीत, तर तीच तुमच्याविरुद्ध पुरावा म्हणून वापरली जाईल. सुटका होईल असं कुणी सांगितलं असेल, तर ते खरं नाही."

गिताबाईला ते पटलं नाही. हाही त्यांचाच माणूस, हा वेगळ्या वाटेनं काढून घेतोय, असं तिला वाटलं. ती कडवट आवाजात म्हणाली, "न्हाई बोलले तर परत त्यांच्याच हातात देनार न्हवं मला?"

"नाही. तुम्ही नको म्हणालात, तर मला तुम्हाला पोलिसांच्या ताब्यात देताच येत नाही. तुरुंगात पाठवीन. तिथं हे लोक नसतील."

"आन् माझं पोरगं?"

"त्याच्यावर काही पुरावा असला तर तो त्यांना कोर्टात आणावा लागेल. तुमच्या तोंडून नाही."

तिनं पुन्हा एकदा बंद दाराकडं बघितलं. मग म्हणाली, "मला काय बोलायचं न्हाई."

बाहेर फौजदारानं ते ऐकलं तेव्हा तो तिच्या इतक्या जवळ आला की त्याच्या तोंडाचा तंबाखूचा वास तिला आला. "गावात यायचंय ना परत तुला?"

येरवड्याला सतरा दिवस काढल्यावर जामिनासाठी सरकारनं वकील दिली, तीही पोरसवदा. दीक्षा तिचं नाव. दौंडच्या रेल्वे कॉलनीत वाढलेली, बाप पॉइंट्समन. गिताबाईनं तिचं आडनाव विचारलं, जात ओळखली आणि पुढं केलेली पाण्याची बाटली घेतली नाही.

दीक्षानं बाटली परत पिशवीत ठेवली. "पाणी पिऊ नका, पण ऐका. पोलिसांपुढं जे बोललात ते कोर्टात कबुली म्हणून चालत नाही. आता शेवटपर्यंत गप्प राहायचं. स्वतःविरुद्ध बोलायची जबरदस्ती कुणावर करता येत नाही, असं घटनेत लिहिलंय."

"आन् मी खरं काय ते सांगितलं तर?"

"काय आहे खरं?"

"पाचट जाळलं. इझवलं. म्होरलं मला ठावं न्हाई."

दीक्षानं हातातली वही मिटली. "यातलं पहिलं वाक्यच ते घेतील. बाकीचं टाकून देतील."

फौजदारानं तेच केलं होतं. गिताबाईला ते आठवलं आणि पहिल्यांदाच तिनं मान हलवली.

जामीन मिळाला. खटला दोन वर्षं चालला. साक्षीदारांनी चावडीपुढची धमकी सांगितली, गाय सांगितली. काडी लावताना बघितलं, असं मात्र कुणालाच सांगता आलं नाही. शेवटी न्यायाधीशांनी गिताबाईला विचारलं, तुम्हाला काही सांगायचं आहे का? "न्हाई," ती म्हणाली. संशयाचा फायदा देऊन तिला सोडण्यात आलं.

गावानं सोडलं नाही. त्याच आठवड्यात भावकीनं तिला बिरोबाच्या देवळात बोलावलं. सोपानराव आधीच येऊन बसले होते. तिचा दीर ज्योतिबा भंडाऱ्याचं ताट घेऊन पुढं आला.

"वैनी, भंडारा उचला आन् म्हना, म्या आग लावली न्हाई. इषय संपला."

गिताबाईनं ताटाकडं बघितलं. आग लावली नाही म्हणावं तर ते खोटं होतं. तिनं आग लावली होती, स्वतःच्या रानात. लावली म्हणावं, तर हे सगळे त्याचा जो अर्थ काढणार, तो त्याहून खोटा.

"भावजी, कोर्टात बोलले न्हाई. हितं बी न्हाई बोलनार."

"कोर्ट येगळं, देव येगळा!" ज्योतिबा ओरडला.

"चोराच्या मनात चांदनं," सोपानराव म्हणाले. "त्या वकिलीणीनं शिकवलंय. दुसरं काय?"

"शिकवलंय, व्हय," गिताबाई म्हणाली आणि देवळाबाहेर पडली. मागं कुणीतरी थुंकलं.

त्यानंतर भावकीच्या लग्नांतून तिला बोलावणं बंद झालं. गिरणीवाला तिचं दळण सगळ्यांच्या शेवटी लावू लागला. तिनंही कुणाला विनवलं नाही. उलट पाणवठ्यावर कुणी टोमणा मारला, की हंडा खाली ठेवून ती असं काही बोलायची, की दुसऱ्यांदा टोमणा मारायची कुणाची हिंमत व्हायची नाही.

सार्थक सुट्टीला आला तेव्हा दोन दिवस तिच्याभोवती नुसता घुटमळत राहिला. जायच्या सकाळी म्हणाला, "आई, मला तरी सांग."

तिनं सांगितलं. पाचट, पाणी, राखेत घातलेला पाय, तीनचा वारा.

"म्हंजी आपल्याच रानातनं ठिणगी गेली असंल?"

"गेली असंल. न्हाई बी गेली असंल."

"मंग ती गाय…"

"मला ठावं न्हाई म्हनलं न्हवं!" ती खेकसली.

 सार्थक भाकरी अर्धी ठेवून उठला, बॅग घेतली आणि एसटी गाठायला निघाला. दर महिन्याला येणारा पोरगा मग तीन-तीन महिन्यांनी येऊ लागला. आला की हवापाण्याचं बोलायचा, कंपनीचं बोलायचा. गिताबाई ऐकून घ्यायची. आपण त्याला सांगायला नको होतं, असं तिला वाटायचं, आणि तेही ती कुणाला बोलली नाही.