उकंडीचं बारसं

गावात भूपेश मास्तराला विचारल्याशिवाय कोणी पोराचं नाव ठेवत नसे, आणि विचारून कोणाचं भलं झालं असंही नाही. शेजारच्या सोनूच्या बायकोनं मोबाईलवर 'कियांश' शोधलं. मूळ संस्कृत, अर्थ 'सर्वगुणसंपन्न'. मास्तरानं जाडजूड कोश चाळले आणि सांगितलं, "संस्कृतले हे माहीतच नाई. कोण्या रिकामटेकड्यानं घरी बसून बनवलं." तेव्हापासून ती बाई त्याच्याशी बोलत नाही. पोराचं नाव कियांशच आहे.

आता मास्तराच्याच घरी पोरगी झाली, बारसं तोंडावर आलं, आणि नावाचा पत्ता नाही. लोका सांगे ब्रह्मज्ञान! कुठल्या नावाचा अर्थ ठिकठिकाणी वेगळा, कुठल्याचं मूळच खोटं. प्रत्येकात खोट निघे.

पण हसू नका. पहिल्या पोरीचं नाव त्यानं आयुष्मती ठेवलं होतं, म्हणजे दीर्घ आयुष्य असलेली. पक्कं तपासून. ती पाळण्यातच गेली. त्यानंतर त्यानं तो अर्थ कितीदा तरी पुन्हा पाहिला. चूक सापडली असती तर कोणाला तरी शिव्या देता आल्या असत्या. अर्थ दरवेळी बरोबरच निघे.

त्याची आई ताराबाई अंगणात शिंगाडे सोलत होती. "काऊन डोकेफोड करून राह्यला? एक लेकरू गेलं की दुसऱ्याले उकंड्यावर ठेवावं अन् उकंडी म्हणावं. शेणकचऱ्यावर मरणाची नजर जात नाई."

"आई, मी मास्तर आहो. पोरीले कचरा म्हणू?"

"माह्या भावाले उकंड्याच म्हणत. अजून तळ्यावर जाळं टाकते तो."

"जया, तू तं शिकलेली आहेस. सांग आईले," भूपेश बायकोला म्हणाला.

जया पोरीला पाजत होती. तिनं वर पाहिलं नाही. "मले अर्थ नाई पाह्यजे जी. मले पोरगी पाह्यजे."

यावर कोशात काही नव्हतं.

बारशाच्या सकाळी सगळे घरामागं जमले. पोरीला सुपात घालून सूप उकंड्यावर, शेणकचऱ्याच्या ढिगावर ठेवलं. रीत अशी, की बापानं सगळ्यांदेखत म्हणायचं, ही मले नको. मग आत्यानं तिला उचलायचं, परक्याचं लेकरू सापडल्यागत, आणि कानात नाव सांगायचं. भूपेशची बहीण गुलाब त्यासाठीच पदर खोचून उभी होती.

"नको आहे मले," भूपेश पुटपुटला.

"मोठ्यानं!" ताराबाई खेकसली. "मरणाले ऐकू गेलं पाह्यजे!"

"नको! मले नको आहे ही पोरगी!" भूपेश असा ओरडला की तळ्यावरचे बगळे उडाले. लोकांच्या नावांतलं खोटं शोधण्यात ज्याची हयात गेली, तो इतकं धडधडीत खोटं उभ्या जन्मात बोलला नव्हता. आणि गुलाब वाकायच्या आत त्यानंच पोरगी उचलून छातीशी धरली. त्याचे डोळे वाहत होते.

"आँ! केला ना घोटाळा!" ताराबाईनं कपाळाला हात लावला. "बाप उचलते काय रे कधी? ठेव खाली. अन् पुन्हा म्हण."

जयानं नुसती मान डोलावली, ठेवा म्हणून.

भूपेशनं पोरगी सुपात ठेवली. गुलाब तिला उचलेपर्यंत स्वतःचे हात पाठीमागं घट्ट धरले, आणि पुन्हा म्हटलं.