न पुसलेलं पातं

मित्रांनो, झाडं छाटायची जुनी कात्री मी. माझी स्प्रिंग सैल झाली आहे, एका मुठीचं रबर गेलं आहे. पण धार अजून शाबूत आहे. दुर्दैव माझं, दुसरं काय!

कारखान्यातून निघाले ती थेट एका माळ्याच्या हाती पडले. त्यांची मुलगी त्यांना बाबा म्हणायची, म्हणून मीही बाबाच म्हणते. बायको गेली त्या वर्षी बाबांनी बागेच्या भिंतीशी नासपतीचं रोप लावलं. भिंतीवर तारा ताणून, फांद्या सुतळीने बांधून त्यांनी त्या डावी-उजवीकडे आडव्या वाढवल्या. पुढे आलेला फुटवा कापायचा, आडवा राखायचा. एकवीस वर्षं आम्ही दोघं हेच करत होतो. भिंतभर पसरलेलं ते झाड बघायला लोक वाट वाकडी करून येत. "कात्री झकास आहे हो!" असं एकदा कोणी म्हणालं, तेव्हा मला आभाळ ठेंगणं झालं होतं.

एका झाडावरून दुसऱ्याकडे जाताना बाबा माझं पातं स्पिरिटच्या फडक्याने पुसत. मुलगी चिडवायची, "बाबा, पोटच्या पोरीचे एवढे लाड नाही केलेत कधी!" बाबा नुसते हसायचे.

मग बाबांच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं आणि छाटणी मुलीवर आली. बाबांनी पलंगावरून बजावलं, "कोपऱ्यातल्या झाडाला रोग लागलाय. त्याच्या करपलेल्या फांद्या आधी काढ, मग भिंतीचं झाड घे." तिने अगदी मन लावून तसंच केलं. फक्त मधे मला पुसलं नाही. तो रोग माझ्या पात्याला चिकटला होता. मला कळत होतं हो! पण माझ्या तोंडाला कापता येतं, बोलता येत नाही.

दोन महिन्यांत भिंतीवरचे शेंडे काळे पडले. बाबा काठी टेकत आले.

"बाबा, माझ्या हाताने आईचं झाड गेलं," मुलगी हुंदके देत म्हणाली.

बाबा बराच वेळ शेंडे चाचपत राहिले. "अगं, पातं का पुसायचं ते मी तुला सांगितलंच कुठे? एकवीस वर्षं नुसता पुसत बसलो. शहाणा म्हणवतो स्वतःला!"

रोग पसरू नये म्हणून झाड तोडून जाळावं लागलं. त्याच्या बारीक फांद्या बाबांनी माझ्याकडूनच कापून घेतल्या. फार वाईट वाटलं मला.

मित्रांनो, हत्यारं स्वच्छ ठेवाच. पण कोणाला काम शिकवाल, तेव्हा ते तसंच का करायचं हेही सांगा, आणि वेळेवर सांगा. बाबांना आता सगळं सांगायचं आहे. पण त्यांची मुलगी बागेत पाऊल टाकत नाही.