अर्धा डोस

माझ्या नणंदेने, म्हणजे ताईंनी, उभा जन्म गाठींचं गणित केलं. शरीरात कॅन्सरची गाठ कशी वाढते, औषधाने किती मागे हटते, पुन्हा कधी डोकं वर काढते, हे सगळं त्या समीकरणांत मांडायच्या. विद्यापीठातल्या त्यांच्या खोलीत एक फळा, दोन कॉम्प्युटर आणि न विसळलेले कप. सुरुवातीला डॉक्टर मंडळी त्यांना 'गणितबाई' म्हणून हसायची, आणि गणितवाले त्यांना डॉक्टरांत ढकलायचे. "मी लग्न केलं, तायडीने गाठींशी संसार थाटला," असं माझा नवरा म्हणायचा. त्यावर ताई म्हणायच्या, "गाठी निदान उलट बोलत नाहीत."

आपलं म्हणणं त्यांनी मला एकदा आमच्या स्वयंपाकघरात समजावलं. मी झुरळांचं औषध मारत होते.

"जबर औषध मारलंस की साधी झुरळं मरतात, मुजोर तेवढी उरतात. मग घर त्यांचंच. त्यापेक्षा थोडं थोडं मार. साधी राहिली की मुजोरांना जागा मिळत नाही."

"म्हणजे झुरळं कायमची पाळायची?"

"हो. पण घरात तूही राहतेस ना."

मी त्यांना स्वयंपाकघरातून हाकललं.

केस पिकल्यावर कुठे त्यांच्या कामाचं चीज झालं. एका मोठ्या इस्पितळातल्या डॉक्टरांनी त्यांच्या गणिताने उपचार सुरू केले. अर्धा डोस, मग औषधाला सुट्टी, गाठ वाढली की पुन्हा अर्धा डोस. त्यातला एकही पेशंट पूर्ण बरा झाला नाही. पण बरेचसे गाठीसकट वर्षानुवर्षं नोकरीला जात होते, नातवंडं खेळवत होते.

मग माझ्या नवऱ्यालाच गाठ निघाली.

त्याच डॉक्टरांपुढे आम्ही तिघं बसलो. त्यांनी दोन्ही वाटा नीट सांगितल्या. पूर्ण डोस दिला तर गाठ दिसेनाशी होईल. कदाचित जन्माची जाईल, कदाचित परत येईल. आणि आली तर औषधाला दाद देणार नाही. नाहीतर ताईंची पद्धत होतीच. नवरा बहिणीकडे वळला. "तायडे, मला यातलं ओ की ठो कळत नाही. तू म्हणशील ते."

ताईंनी टेबलावरचा गाठीचा फोटो जवळ ओढून पाहिला. मग म्हणाल्या, "पूर्ण डोस द्या."

डॉक्टरांनी चष्मा काढला. "मॅडम, पण तुमचं गणित तर..."

"पूर्ण द्या."

मला हायसं वाटलं. ज्यांनी जन्मभर हेच केलं त्याच सांगताहेत, म्हणजे त्यांना काहीतरी ठाऊक असणार, असं मी धरून चालले.

उलट्या, तोंडातले फोड, केसांचे पुंजके, सगळं त्याने कुरकुरत का होईना, सोसलं. पुढच्या तपासणीत गाठ नव्हती. मी डॉक्टरांसमोरच रडले. घरी आल्यावर नवऱ्याने बहिणीला चिडवलं, "बघ, तुझं गणित चुकलं." ताई हसल्या नाहीत. पुढ्यातला चहा त्यांनी तसाच निवू दिला.

वर्ष सरतं न सरतं तोच गाठ परत आली, आणि या वेळी कुठलंच औषध लागू पडेना.

त्याला दाखल केलं त्या दिवशी मी ताईंना इस्पितळाच्या जिन्यात अडवलं. "तुम्हाला माहीत होतं?"

"त्याचे आकडे घालून पाहिले होते. परत येईल, असंच निघत होतं."

"मग का?" माझा आवाज चढला. खालून येणारी नर्स थबकली.

ताई कठडा धरून पायरीवर बसल्या. इतक्या म्हाताऱ्या त्या मला कधीच दिसल्या नव्हत्या.

"माझ्या पद्धतीत बरं होणं नाहीच गं. नुसती वर्षं मिळतात. बाकीच्यांना मी ती खुशाल दिली. त्याच्या बाबतीत जीभ रेटेना. तो बरा व्हावा, एवढंच वाटत होतं. धाकटा आहे तो माझा."

मला त्यांची कीव यायला हवी होती. नाही आली. माझ्या अंगाचा तिळपापड झाला होता.

"मला विचारायचं होतं, ताई," मी म्हणाले. "मला ती वर्षं चालली असती."