कोऱ्या कागदावरचा अंगठा

मित्रांनो, मी एक जुनी शाईची डबी आहे. पत्र्याची, निळ्या झाकणाची. ज्यांना सही येत नाही त्यांनी माझ्यावर अंगठा दाबायचा आणि कागदावर टेकवायचा, एवढेच माझे काम.

मुरबाडच्या बाजारात वह्या-पेनांच्या दुकानात मी धूळ खात पडले होते. तिथून बँकेतला कारकून मुकेश याने मला स्वतःच्या पैशाने विकत घेतले. बँकेचे पॅड सुकले होते आणि नव्याला वरून मंजुरी यायची होती. मंजुरीची वाट बघत बसणारा तो माणूसच नव्हता. लोकांना त्याचे हेच आवडायचे आणि पुढे हेच त्याला नडले.

काय दिवस होते ते! अंगठा लावणाऱ्यांना काही जण अंगठेबहाद्दर म्हणून हसत. मुकेश कधी हसला नाही. त्याचे आजोबा बुधाजी जन्मभर अंगठाच लावत आले होते. तो समोरच्याचा अंगठा धरून हळूच टेकवायचा आणि मग पुसायला फडके द्यायचा.

पुढे बँकेत अंगठा ओळखणारे यंत्र आले आणि मी टेबलाच्या खणात गेले. मला वाईट वाटले, खोटे कशाला सांगू? पण नवसू नावाच्या मजुराचा अंगठा त्या दीडशहाण्या यंत्राला ओळखूच येईना. वीटभट्टीवर विटा उचलून त्याच्या बोटांवरच्या रेषा झिजून गेल्या होत्या. मग पुन्हा माझीच आठवण झाली.

नवसूची वाडी वैशाखऱ्याजवळ आणि मुकेशचे घर वैशाखऱ्यात, रस्त्यालगत. दिवाळी झाली की वाडीतली माणसे भट्टीवर जात, ती पावसाच्या तोंडावर परतत. नवसूची आई धोंडीबाई पायांनी अधू, ती एकटी मागे राहायची. घरचे पैसे नवसूच्या खात्यात होते आणि तो भट्टीवर असताना अंगठा कोण लावणार? एका वर्षी जायच्या आधी नवसू मुकेशला म्हणाला, “भाऊ, पैसे काढायच्या कोऱ्या स्लिपांवर अंगठे देऊन ठेवतो. आईला लागंल तसं तू काढून देत जा.”

कोऱ्या स्लिपेवर अंगठा घ्यायचा नाही, हा नियम मुकेशला ठाऊक होता. तरी त्याने माझे झाकण उघडले. मग दर शनिवारी घरी जाताना तो वाडीवर थांबायचा, पैसे धोंडीबाईच्या हातात ठेवायचा, तिचा काळा चहा प्यायचा. एक पैसाही कधी इकडचा तिकडे झाला नाही. असे काही वर्षे चालले.

एकदा तपासणीला आलेल्या अधिकाऱ्यांनी खण उघडला. माझ्याशेजारी त्या कोऱ्या स्लिपा होत्या, अंगठ्यांसकट. चौकशी बसली. मुकेशची एकच आशा होती, नवसू येऊन खरे सांगेल. पण नवसूने भट्टीच्या मुकादमाकडून मजुरीची आगाऊ उचल घेतली होती, ती फिटेपर्यंत मुकादमाने त्याला सोडले नाही. मुकेशने तर काहीच लपवले नाही. मी अंगठे घेतले, असे त्याने सरळ सांगून टाकले. तो बडतर्फ झाला. बँकेच्या चाव्या त्याने परत केल्या. मी त्याची स्वतःची, म्हणून जेवणाच्या डब्याच्या पिशवीतून त्याच्या घरी आले. त्याची बायको संघरत्ना हिने मला खिडकीजवळच्या फळीवर ठेवले.

मुकेश उच्च न्यायालयात गेला. पुढची कितीतरी वर्षे त्या घरात ‘नोकरी परत मिळेल’ हेच बोलणे होते. शनिवारची वाडीवरची चक्कर मात्र मुकेशने सोडली नाही. निकालाच्या दिवशी नवसूही धुतलेला सदरा घालून मुंबईला गेला. पण त्याला कोणी काही विचारले नाही. वकिलांनी समजावले की न्यायालय चौकशी नव्याने करत नाही. चौकशी नियमाने झाली का आणि शिक्षा फारच जास्त आहे का, इतकेच बघते. पैसे कोणी खाल्ले नसले तरी कोरे अंगठे घेणे हा बँकेच्या विश्वासाचा भंग आहे, असे म्हणून याचिका फेटाळली गेली.

त्या संध्याकाळी मुकेश उंबऱ्यावर बसून संघरत्नाला म्हणाला, “त्यांनी मला चोर नाय म्हटलं. पन कामावर पन नाय घेतलं.” मला फार रडू आले. पण नियमाला तरी वाईट कसे म्हणू? त्याच स्लिपा एखाद्या लबाडाच्या हाती पडल्या असत्या, तर नवसूचे खाते रिकामे झाले असते.

यंदा दिवाळीनंतर नवसू मुकेशच्या घरी आला. त्याने फळीवरून मला उचलले आणि मुकेशपुढे धरले. “आता बँकेतल्या नव्या साहेबाला सांगून बघ ना, भाऊ. मी कोऱ्या स्लिपांवर अंगठे देतो.”

मुकेशने मला त्याच्या हातातून घेतले आणि झाकण लावले. “नवसू, कोऱ्या कागदावर अंगठा कोनालाच देऊ नको. मला पन द्यायला नको होता.”

दुसऱ्या दिवशी मुकादमाचा ट्रक रस्त्यावर उभा राहिला. या वेळी भट्टीवर सोबत न्यायला नवसूने आईला पाठीवर आणले आणि गोधड्या-भांड्यांच्या मधे बसवले. खिडकीतून मला सगळे दिसत होते. मुकेशला पाहून धोंडीबाई म्हणाली, “शनवारी येऊ नको रे बाबा. मी घरी नाय.”

मित्रांनो, माझी शाई आता सुकली आहे. कोऱ्या कागदावर अंगठा देऊ नका, सही करू नका, माणूस कितीही जवळचा असो. आणि तुमच्या गावात धोंडीबाईसारखे कोणी एकटे मागे राहिले असेल, तर तिकडे एक चक्कर मारा. त्यासाठी कोणाचा अंगठा लागत नाही.