डुगडुगणाऱ्या बाकाचे चार पाय

मित्रांनो, सत्याच्या शोधात या अथेन्स शहरात अनेकांनी बरंच काही गमावलं. मी पाय गमावले.

मी एक जुना बाक आहे, एकट्या माणसापुरता, ऑलिव्हच्या लाकडाचा. सध्या मला सगळे पाट समजतात. सुताराने मला घडवलं तेव्हा माझ्या चारही पायांवरून हात फिरवून तो म्हणाला होता, की याच्यावर बैल बसवा. बैल काही आला नाही. मिक्कोस न्हावी आला आणि मला बाजाराजवळच्या आपल्या दुकानात घेऊन गेला. दाराशी उजेड चांगला, म्हणून माझी जागा तिथे ठरली.

काही वर्षं बरी गेली. मग मी डुगडुगू लागलो. बाक डुगडुगला की गिऱ्हाईक हलतं, आणि गिऱ्हाईक हललं की वस्तरा कानाला लागतो. समोर दुसऱ्या न्हाव्याचं दुकान होतंच. मिक्कोसची झोप उडाली, माझीही.

त्याने माझा पाय उचलून बघितला असता तर काम पाच मिनिटांचं होतं. पण दुकानात अँटिमेनेसकाका रोज सकाळी येऊन बसत. त्यांना पूर्ण टक्कल होतं. ते फक्त प्रश्न विचारायला येत.

"मिक्कोस, आखूड पाय म्हणजे काय?"

"जो जमिनीला टेकत नाही तो, काका."

"मग तू अंथरुणावर पडतोस तेव्हा तुझे दोन्ही पाय आखूड होतात?"

बसलेले लोक हसले. मिक्कोस म्हणाला, तसं नाही, बाकीच्या तिघांपेक्षा कमी असतो तो आखूड.

"तो एक आखूड, की ते तीन लांब? आजारी पडलास तर एका वैद्याला विचारतोस की तीन शेजाऱ्यांना?"

"वैद्याला."

"म्हणजे तिघं एका बाजूला आहेत, एवढ्यावरून ते बरोबर ठरत नाहीत."

"तसं दिसतंय खरं."

इथली रीत अशी, की जे तोंडाने कबूल केलं त्याला जागायचं. मिक्कोसने करवत आणली.

दुसऱ्या दिवशीही मी डुगडुगलो. पुन्हा प्रश्न, पुन्हा कबुली, पुन्हा करवत. एकेका पायाची पाळी येत गेली. काकांचं सँडल दारात वाजलं, की माझ्या उरलेल्या पायांना कापरं भरे. चौथ्या पायानंतर काका समाधानाने म्हणाले, "आता निदान आपल्याला काहीच माहीत नाही, हे तरी नक्की झालं." लोकांनी माना डोलावल्या. मग पहिल्या पायापासून नवी फेरी सुरू झाली.

मिक्कोसची बायको मिर्टाले डबा घेऊन येई. ती एकदा म्हणाली, "अहो, जरा सरकवून तर बघा त्याला."

"सरकवणं हा एका बाकाचा इलाज झाला, सूनबाई," काका म्हणाले. "आम्ही डुगडुगण्याचं मूळ शोधतोय."

मग एक नवरदेव आला. संध्याकाळी त्याचं लग्न होतं. अर्धी दाढी होईपर्यंत मी श्वास रोखून उभा होतो. नंतर मी हललो. कान धरून, अर्ध्या दाढीनिशी तो समोरच्या दुकानात गेला आणि त्याच्यामागे रांगेतले तिघंही गेले. मिक्कोस रिकाम्या दुकानात वस्तरा पुसत राहिला. वस्तरा स्वच्छच होता.

मिर्टालेने मला उचलून घरी आणलं आणि अंगणातल्या दगडी फरशीवर ठेवलं. आता माझ्यावर बसून ती डाळ निवडते. मी तसूभरही हलत नाही.

मित्रांनो, प्रश्न जरूर विचारा. मला त्यांचा राग नाही. इतकी माणसं इतक्या आस्थेने माझ्या पायांविषयी पुन्हा कधी बोलणार नाहीत. फक्त कुणाचा पाय कापण्याआधी तो कशावर उभा आहे तेवढं बघा. मिर्टालेने बघितलं. दुकानात माझा मागचा डावा पाय टेकायचा, तिथे गिऱ्हाइकांच्या डोक्यावरचं पाणी वर्षानुवर्षं सांडून चार बोटं खोल खड्डा पडला होता.

तिने तो मिक्कोसला दाखवला. खड्डा म्हणजे काय, यावर सध्या काकांची चर्चा चालू आहे.

नवा बाक त्याच जागी ठेवलाय. उजेड तिथेच चांगला येतो.