निळं चित्र आणि सानगडी

नागपुरात चित्रकला शिकून रक्षा सानगडीला परतली, तेव्हा गावचा केबलवाला भूपेंद्र, म्हणजे तिचा मामा, म्हणाला, "आपल्या केबलवर संध्याकाळचे दहा मिनिटं तुह्ये, चित्रं दाखव. जाहिराती थांबवतो. पण लोकाईले समजलं पाहिजे."

पहिल्या दिवशी तिनं मैत्रिणीनं काढलेलं एक चित्र लावलं. सगळं निळं, मधून फक्त एक पांढुरकी रेघ. अवकाश, पोत, अमूर्त असं बरंच काही ती कागदावरून वाचत राहिली. कार्यक्रम चालू असतानाच फोन आला, "केबल गेला का जी? पडदा निळाच होऊन राहिला."

तसे आणखी तीन फोन आले. मामा पोट धरून हसला. रक्षाला जेवण गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी कागद तिनं घरीच ठेवला. तेच चित्र लावून म्हणाली, "आज मी काही सांगत नाही. तुम्हीच पाहा, अन् काय दिसते ते मले सांगा."

मग ती गप्प बसली. गावातले टीव्हीही गप्प झाले. भिंतींवर, धानाच्या पोत्यांवर, झोपलेल्या लेकरांच्या कपाळांवर निळा उजेड हलके पसरला. सात मिनिटं गेली. मामा घड्याळ पाहू लागला, तेवढ्यात फोन वाजला.

"मी गोदावरीबाई बोलून राहिली, तलावाजवळची. माहा मालक गेला त्या साली मी पहाटे तलावाच्या पाळीवर बसून राहत होती. पाणी असंच दिसे. कोणाले सांगता नाही आलं. तुह्या मैत्रिणीनं आपला तलाव पाह्यला का, पोरी?"

"नाही, मावशी. ती इकडे कधी आलीच नाही."

"मंग तिले कसं माहीत?"

"विचारून सांगतो," रक्षा म्हणाली.

लगेच तेजराम नावाच्या शेतकऱ्याचा फोन आला. "पाणी नाही ते, आभाळ आहे. धान कापल्यावर वावरातल्या रिकाम्या बांधीत उताणं पडून पाहा. ते रेघ म्हणजे बगळे."

दहा मिनिटं कधीच उलटली होती. मामानं जाहिरात लावली नाही. रक्षा बाहेर आली, तर गल्लीतली दारं उघडी होती आणि प्रत्येक दारात तो निळा उजेड होता. तलाव हळूच उठून घराघरांत येऊन बसल्यासारखं तिला वाटलं.

सकाळी गोदावरीबाई स्वतःच केबलच्या खोलीवर आल्या. रक्षानं मैत्रिणीला विचारून ठेवलं होतं.

"मावशी, होस्टेलच्या खोलीची ओल आलेली भिंत आहे म्हणते ते."

गोदावरीबाई खुदकन हसल्या. "असू दे. मी तं तलावच पाह्यला."

रक्षाच्या मोबाइलवरची चित्रं त्या सावकाश पाहत गेल्या. एका लालभडक चित्रावर त्यांचं बोट थांबलं.

"आज हे लाव. अन् हे कायचं आहे, ते मले बिलकुल सांगू नको."