हरण्याला आवतण

वाटणी झाली तेव्हा आमच्या घरच्या पुरुषांनी बैलजोडीसुद्धा फोडली. सासऱ्यांनी गंगाखेडच्या बाजारातून हौसेनं आणलेली जोडी. सर्ज्या आमच्याकडे आला, हरण्या ह्यांचे थोरले भाऊ, माझे भासरे दिनकरराव यांच्याकडे गेला, आणि गोठ्यात मधोमध भिंत उभी राहिली. दोघा भावांकडे एकेक बैल आणि अक्कल अर्धी-अर्धी.

सासूबाई, दगडाबाई, महिनाभर इकडे, महिनाभर तिकडे. त्यांनी तेव्हाच सांगून टाकलं, "दोघं एका पंगतीला बसंस्तोर मी पुरणाला शिवायची न्हाई." दोन वर्षं म्हातारी सणासुदीला चटणी-भाकरी खात होती. मला बघवायचं नाही.

शहाऐंशी सालचा पोळा. सासूबाई त्या महिन्यात भासऱ्यांकडे होत्या. आदल्या संध्याकाळी आमच्या ह्यांनी सर्ज्याचे खांदे हळद-लोण्यानं मळले आणि रिवाजाप्रमाणे त्याला म्हणाले, "आज आवतण घ्या, उद्या जेवाया या!" ही खरं तर कानात सांगायची गोष्ट. पण भिंतीपलीकडच्यांचा जळफळाट व्हावा म्हणून हे सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असे ओरडले.

दुसऱ्या दिवशी मी सर्ज्याला पुरणपोळी घेऊन निघाले, तर दारात हरण्या. शिंगं रंगवलेली, अंगावर झूल. मागोमाग तणतणत भासरे. माझ्या नवऱ्याकडे ढुंकूनही न बघता त्यांनी सर्ज्याला विचारलं, "सर्ज्या, तुझ्या मालकाला इचार, माझा बैल कामून बोलावला?"

हे हरण्याकडे वळले. "हरण्या, तुझ्या मालकाला सांग, आवतण सर्ज्याला व्हतं. तू भिंतीआडून ऐकलंस."

"ऐकलं म्हंजे घेतलं," भासरे सर्ज्याला म्हणाले. "आता उपाशी माघारी न्यायचा का? बैलाची काही इज्जत हाय का न्हाई?"

गल्ली जमली. नाव घेऊन आवतण दिलं नव्हतं, तेव्हा ज्यानं ऐकलं त्याचं, असा निवाडा झाला. हरण्या जेवणार. पण परक्या दारी बैल सोडून मालक जातो का? भासरे ओसरीवर बसले. बैल जेवले. मग दारातल्या माणसाला उपाशी कसं ठेवायचं, म्हणून मी दोन पानं शेजारी-शेजारी मांडली. दोघं बसले, तोंडं गोठ्याकडे करून.

"सर्ज्या, मालकाला सांग, तूप पायजे."

"हरण्या, तुझ्या मालकाचं तोंड शिवलंय का?"

भासऱ्यांना हसू फुटलं आणि घास अडकला. ह्यांनी त्यांच्या पाठीवर थाप मारली. "दादा, पाणी पी आधी," म्हणाले. बैलाला न विचारता.

सासूबाई गल्लीतल्या माणसांबरोबर येऊन ओसरीच्या भिंतीशी टेकून बसल्या होत्या. त्यांनी पोळीसाठी हात पुढे केला. मी तूप वाढायला वाकले तर त्यांच्या पदराला शिंगांचा ओला लाल रंग. हरण्याला दारात कोणी आणून उभं केलं, ते कळलं. माझे डोळे भरून आले आणि रागही आला, कारण हरण्या ठार बहिरा. हे गल्लीला ठाऊक, भासऱ्यांना ठाऊक, ह्यांनाही ठाऊक. पण सबंध दुपारी एकानंही तसं म्हटलं नव्हतं. म्हणजे दोघांनाही निमित्तच हवं होतं, आणि त्यापायी म्हातारी दोन वर्षं चटणी-भाकरीवर.

"पंडित," सासूबाई ह्यांना म्हणाल्या, "पुढच्या साली आवतण जरा हळू दे रे. त्येला लय ऐकू यायलंय."

दोघं भाऊ खाली मान घालून जेवत राहिले.